कपात हा शब्द कुठेच लिहिलेला नसतो

पीएच.डी.ला नाव घालायच्या तयारीत असलेल्या बहुतेकांचा पहिला प्रश्न विषयाचा नसतो. तो असतो, "फेलोशिप मिळेल का? आणि मिळाली तर कधीपासून?" हे विचारताना काही जण ओशाळतात, जणू पैशाचं नाव काढलं की संशोधनावरचं प्रेम खोटं ठरतं. ओशाळू नका. पाच-सहा वर्षं पूर्णवेळ एकच काम करायचं, दुसरी नोकरी करणार नाही असं हमीपत्र लिहून द्यायचं, आणि घरी मात्र "सध्या काही मिळत नाही" असं सांगत राहायचं, हे ज्याला परवडतं त्यानेच संशोधन करायचं असेल तर तसा नियमच छापा म्हणावं.

आज त्या प्रश्नाच्या मागे जाऊ. २०२३ आणि २०२४ मध्ये महाराष्ट्रात बार्टी, सारथी आणि महाज्योती या संस्थांच्या अधिछात्रवृत्तीसाठी संशोधक विद्यार्थ्यांनी धरणं धरलं, उपोषणं केली, परीक्षेवर बहिष्कार टाकला. आझाद मैदानापासून पुण्यापर्यंत हे चाललं. याकडे आपण समर्थक किंवा विरोधक म्हणून न पाहता संशोधक म्हणून पाहू. सरकारचा युक्तिवाद तपासू आणि आंदोलनाचाही. माझं म्हणणं थोडक्यात असं: आपल्याकडे शिक्षणावरच्या खर्चाची कपात कधी 'कपात' या नावाने येत नाही. ती संख्या, तारीख आणि टक्का यांच्या रूपात येते. आणि आंदोलन अनेकदा त्या रूपाशी भांडत बसतं, मूळ गोष्ट बाजूलाच राहते.

आधी ओळख

बार्टीचं मूळ १९७८ मध्ये स्थापन झालेल्या समता विचारपीठात आहे. ती अनुसूचित जातींसाठी काम करते. सारथी २०१८ मध्ये मराठा-कुणबी समाजासाठी झाली. महाज्योती २०१९ ची. इतर मागासवर्ग, भटक्या-विमुक्त जाती-जमाती आणि विशेष मागास प्रवर्गासाठी. तिन्ही संस्था पीएच.डी.साठी अधिछात्रवृत्ती देतात. हिशेबासाठी आपण यूजीसीच्या कनिष्ठ संशोधक अधिछात्रवृत्तीचा दर धरू: जानेवारी २०२३ पासून महिना ३७,००० रुपये, आणि पुढच्या टप्प्यात ४२,०००.

नगर जिल्ह्यातल्या वाचकांनी एक गोष्ट लक्षात ठेवावी. सारथीचा उगम पुण्यातल्या एखाद्या कार्यालयातल्या टिपणीत शोधू नका. जुलै २०१६ मध्ये कर्जत तालुक्यातल्या कोपर्डीत जे घडलं, त्यानंतर राज्यभर मूक मोर्चे निघाले. त्या मोर्च्यांच्या मागण्यांत न्याय होता, आरक्षण होतं, आणि शिक्षणही होतं. सारथी त्या दबावातून उभी राहिली. म्हणजे आज ज्याला 'योजना' म्हणतात, ती काल रस्त्यावरची मागणी होती. बार्टीच्या मागे तर त्याहून कितीतरी लांबचा इतिहास आहे. म्हणून "सरकार देतंय ते घ्या आणि गप्प बसा" हे वाक्य इतिहासाच्या कसोटीवर टिकत नाही. सरकारने हे आपणहून दिलेलं नव्हतं.

संख्या, तारीख, टक्का

आता कपातीची रूपं बघा.

पहिलं रूप संख्येचं. २०२३ च्या अखेरीस संस्थांसाठी 'समान धोरण' आलं आणि तिन्ही संस्थांना वर्षाला प्रत्येकी २०० संशोधकांची मर्यादा घातली गेली. 'समान' हा शब्द ऐकायला चांगला वाटतो. पण समान कशाच्या तुलनेत? प्रत्येक समाजाची लोकसंख्या वेगळी, दरवर्षी पीएच.डी.ला नोंदणी करणाऱ्यांची संख्या वेगळी, मग २०० हा आकडा तिन्हींकडे सारखाच कसा निघाला? कुठल्याही शोधप्रबंधात असा आकडा ठेवलात तर मौखिकीत पहिला प्रश्न हाच येईल: नमुन्याचा आकार कशावरून ठरवला? धोरणाला मौखिकी नसते, म्हणून ते सुटून जातं.

दुसरं रूप तारखेचं. विद्यार्थ्याची विद्यापीठात नोंदणी एका तारखेला होते, संस्थेची जाहिरात नंतर येते, छाननी त्याच्या नंतर, निवड त्याच्याही नंतर. मधले महिने, कधी वर्ष-दोन वर्षं, कोणाच्या खात्यात धरायची? म्हणूनच आंदोलनात 'नोंदणी दिनांकापासून' ही मागणी सारखी ऐकू आली. बाहेरच्याला ती किरकोळ तांत्रिक बाब वाटते. तुम्ही बोटं मोजून बघा. निवड १८ महिन्यांनी झाली आणि रक्कम निवडीपासून धरली, तर ३७,००० च्या दराने एका विद्यार्थ्याचे ६,६६,००० रुपये गेले. कुठल्याही कागदावर "आम्ही साडेसहा लाख कापले" असं लिहिलेलं नाही. नुसता उशीर झाला, एवढंच.

तिसरं रूप टक्क्याचं. २०२४ मध्ये रखडलेल्या तुकडीला सरसकट मंजुरी मिळाली, पण निम्म्या दराने. म्हणजे संख्येच्या दारातून जे आत घेतलं, ते टक्क्याच्या खिडकीतून अर्धं बाहेर काढलं. विद्यार्थ्यांना पुन्हा १०० टक्क्यांसाठी बसावं लागलं.

दिल्लीतल्या एका प्रसंगाशी याची तुलना करा. ऑक्टोबर २०१५ मध्ये यूजीसीने नेट नसलेल्या संशोधकांची अधिछात्रवृत्ती, एम.फिल.साठी महिना ५,००० आणि पीएच.डी.साठी ८,००० रुपये, बंद करायचं ठरवलं. 'बंद' हा शब्द स्पष्ट होता, त्यामुळे 'ऑक्युपाय यूजीसी' आंदोलनाचं लक्ष्यही स्पष्ट होतं: निर्णय मागे घ्या. डिसेंबर २०२२ मध्ये मौलाना आझाद राष्ट्रीय अधिछात्रवृत्ती बंद होत असल्याचं लोकसभेत सांगितलं गेलं, तेव्हाही विरोध कशाला करायचा हे कळत होतं. आपल्या राज्यातलं प्रकरण अवघड आहे ते इथे. योजना चालूच असते. फक्त ती तुमच्यापर्यंत कधी, किती आणि कोणामार्फत पोचेल ते बदलत राहतं.

आणखी एक रूप तुळजापूरने पाहिलं आहे. फेब्रुवारी २०१८ मध्ये टाटा समाजविज्ञान संस्थेच्या मुंबई, तुळजापूर, हैदराबाद आणि गुवाहाटी इथल्या विद्यार्थ्यांनी वर्गांवर बहिष्कार टाकला. भारत सरकारच्या मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्तीवर शिकणाऱ्या अनुसूचित जाती-जमातींच्या मुलांनी वसतिगृह आणि मेसचे पैसे आता आधी स्वतः भरावेत, असा प्रश्न होता. कागदावर शिष्यवृत्ती होतीच. फक्त "आधी तुम्ही भरा" हे तीन शब्द आले होते. ज्याच्याकडे आधी भरायला पैसे असते त्याला शिष्यवृत्तीची गरज कशाला पडली असती?

दिवे कोणी लावले?

१२ डिसेंबर २०२३ रोजी नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात विधान परिषदेत सतेज पाटील यांनी २०० च्या मर्यादेचा विषय काढला. तेव्हाचे उपमुख्यमंत्री आणि अर्थमंत्री अजित पवार यांनी, पीएच.डी. करून काय दिवे लावणार, अशा अर्थाचा प्रतिप्रश्न केला. त्यावर समाजमाध्यमांत संताप उसळला. पण संताप हे उत्तर नाही. प्रश्न अर्थमंत्र्यांचा होता, म्हणून त्याला नीट उत्तर द्यायला हवं होतं. आणि ते नगर जिल्ह्याइतकं चांगलं कुठे सापडणार नाही.

१९४८ मध्ये पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेने धनंजयराव गाडगीळ यांचा एक अहवाल प्रसिद्ध केला. विषय होता गोदावरी आणि प्रवरा कालव्यांचे प्रत्यक्ष आणि अप्रत्यक्ष फायदे. कालव्याचं पाणी आल्यावर शेतात काय बदलतं, मजुरीचं काय होतं, बाजाराचं काय होतं, हे भिजणारी शेती आणि कोरडवाहू शेती शेजारी-शेजारी ठेवून तपासलं होतं. 'कालव्यामुळे भरभराट झाली' हे सगळे म्हणतच होते. किती झाली आणि कोणाची झाली हे मोजायला माणसं गावोगाव फिरवावी लागली. पुढे विठ्ठलराव विखे पाटलांनी लोणीला सहकारी साखर कारखाना उभा केला, तेव्हा त्याच्या अध्यक्षपदी हेच गाडगीळ बसले. ज्या सहकाराच्या जोरावर या राज्याचं राजकारण अर्धं शतक चाललं, त्याच्या पायाशी एक अर्थशास्त्रज्ञ होता आणि त्याच्या हातात कालव्याच्या गावांचे तक्ते होते.

राहुरीला या. १९६८ चं कृषी विद्यापीठ. तीन जातींच्या संकरातून निघालेली फुले त्रिवेणी गाय, संगमनेर-राहात्याच्या बागांतून बाजारात गेलेलं भगवा डाळिंब, क्षारपड जमिनीतही तग धरणारा फुले २६५ ऊस. ही त्या विद्यापीठाची आणि त्याच्या केंद्रांची कामं. यातलं काहीही एका वर्षाच्या अर्थसंकल्पात बसत नाही. उसाचं एक वाण निवडून शिफारशीपर्यंत न्यायला कितीतरी हंगाम जातात, आणि मधल्या प्रत्येक हंगामात कोणीतरी पगारावर किंवा अधिछात्रवृत्तीवर रानात उभं असतं.

इथे तुमच्यातला हुशार वाचक म्हणेल, "ही निवडक उदाहरणं झाली. अयशस्वी पीएच.डी. किती, ते सांगा." बरोबर आहे. बहुतेक प्रबंध कपाटात जातात. पण संशोधनाचं गणितच असं असतं. कुठल्या प्रबंधातून वाण निघेल हे आधी कळलं असतं तर संशोधन कशाला करायचं? शेतकऱ्याला विचारा, पेरलेलं सगळं उगवत नाही म्हणून तो बियाणं मोजून एकच दाणा टाकत नाही.

दर्जाचा मुद्दा

कपातीच्या बाजूने सगळ्यात वजनदार युक्तिवाद दर्जाचा आहे. काही जण निव्वळ पैशासाठी नोंदणी करतात, प्रबंधात उचलेगिरी चालते, म्हणून गाळणी हवी. हा मुद्दा झटकून टाकू नका. आपल्या क्षेत्रात उचलेगिरी आहे, गाईडच्या मागे-पुढे करून पदवी मिळवणारे आहेत, हे नाकारणारा संशोधक प्रामाणिक नाही.

पण मग गाळणी कशी होती ते बघू. २४ डिसेंबर २०२३ रोजी तिन्ही संस्थांच्या उमेदवारांसाठी सामाईक चाळणी परीक्षा झाली. प्रश्नपत्रिका २०१९ च्या सेट परीक्षेची जशीच्या तशी निघाली. १० जानेवारी २०२४ ला फेरपरीक्षा ठेवली, तर काही प्रश्नपत्रिकांच्या संचांना सील नव्हतं, आणि ठिकठिकाणच्या केंद्रांवर उमेदवारांनी बहिष्कार टाकला. उचलेगिरी रोखायला ठेवलेली परीक्षाच उचललेली निघावी, याहून कडवट विनोद दुसरा कुठला?

विनोद सोडून दिला तरी मूळ आक्षेप उरतोच. २०० ही मर्यादा दर्जा मोजत नाही. २०१ व्या क्रमांकाच्या प्रबंधाचा आराखडा पहिल्या क्रमांकाइतकाच भक्कम असू शकतो. दर्जा हवा असेल तर सहामाही प्रगती अहवाल कोणीतरी खरोखर वाचायला हवा, संशोधन मान्यता समितीने आराखडे परत पाठवायची हिंमत ठेवायला हवी, काम न करणाऱ्याची रक्कम थांबवायला हवी. हे सगळं करायला माणसं लागतात. आकडा ठरवायला कोणीच लागत नाही, म्हणून आकडा स्वस्त पडतो.

पैसे नाहीत?

आता साधा हिशेब. तिन्ही संस्थांत मिळून एका तुकडीत ३,००० संशोधक धरा, म्हणजे मर्यादेच्या पाचपट. ३७,००० च्या दराने वर्षाला एकाचे ४,४४,००० रुपये; ३,००० जणांचे १३३ कोटी २० लाख. घरभाडं आणि आकस्मिक खर्च वेगळा. दरवर्षी अशी नवी तुकडी घेतली तर पाचव्या वर्षी पाच तुकड्या एकाच वेळी असतील, म्हणजे ढोबळमानाने ६७० कोटी. वरचा दर धरला तर थोडे जास्त. राज्याचा २०२४-२५ चा अर्थसंकल्प ६ लाख १२ हजार कोटींच्या घरात होता. शंभर रुपयांत पहिल्या वर्षी दोन पैसे, पाचव्या वर्षी अकरा-बारा पैसे.

यावर लगेच "लाडक्या बहिणीला ४६,००० कोटी देता, मग आम्हाला का नाही?" असं लिहायचा मोह होतो, आणि अनेकांनी लिहिलंही. माझ्या मते तो युक्तिवाद आळशी आहे. पाथर्डीतल्या ज्या घरातून मुलगी एम.ए. करून पीएच.डी.ला नोंदणी करते, त्याच घरात तिच्या आईच्या खात्यावर ते दीड हजार येतात. एका गरजूला दुसऱ्या गरजूसमोर उभं करून तिसराच मोकळा सुटतो. तुलना करायचीच तर त्याच विभागाच्या मंजूर रकमेशी आणि प्रत्यक्ष खर्चाशी करा. ती तुलना कष्टाची आहे, पण तिला उत्तर देणं भाग पडतं.

आंदोलनाची बाजूही तपासू

या आंदोलनांनी मिळवलेलं थोडं नाही. मर्यादेबाहेर ठेवलेल्यांना मंजुरी मिळाली ती बसून राहिल्यामुळे. तरीही तीन गोष्टी खटकतात.

एक, बराच काळ तीन संस्थांचे विद्यार्थी आपापल्या संस्थेपुरते भांडले. 'त्यांना मिळालं, आम्हाला का नाही' ही भाषा सोपी असते आणि गर्दी जमवते. पण 'समान धोरण' नावाचा कागद याच भाषेतून जन्माला येतो. सगळ्यांना सारखं द्या म्हणालात, तर सगळ्यांना सारखं कमी देता येतं.

दोन, मागणी तुकडीपुरती राहिली. 'आमच्या तुकडीला सरसकट' मिळालं की मंडप सुटतो, आणि पुढच्या वर्षीची मुलं पुन्हा पहिल्या पायरीवर. जाहिरात कोणत्या महिन्यात निघावी, निवड किती दिवसांत व्हावी, रक्कम कोणत्या तारखेपासून, हे कायमचं लिहून घेतल्याशिवाय प्रत्येक तुकडीला स्वतःचं आझाद मैदान शोधावं लागेल.

तीन, आणि हे मला सगळ्यात गंभीर वाटतं: अधिछात्रवृत्तीच्या मागणीत गाईडची मागणी हरवली. यूजीसीच्या २०२२ च्या नियमांप्रमाणे एका वेळी प्राध्यापकाला आठ, सहयोगी प्राध्यापकाला सहा आणि सहायक प्राध्यापकाला चार संशोधक घेता येतात. निवृत्तीला तीन वर्षांहून कमी उरली असतील तर नवे घेता येत नाहीत. तासिका तत्त्वावर शिकवणाऱ्याला गाईड होताच येत नाही. म्हणजे एका विभागातली प्राध्यापकाची एक जागा निवृत्तीनंतर रिकामी ठेवली की आठ संशोधकांची दारं बंद झाली, आणि ती बातमीही होत नाही. नगर, संगमनेर, श्रीरामपूरच्या महाविद्यालयांत गाईड नसेल तर मुलगा पुण्याला जातो. १२० किलोमीटर, खोलीभाडं, मेस. त्याच्या फेलोशिपचा मोठा तुकडा तिथेच जातो. पद न भरणं हीदेखील कपातच आहे. तिच्यासाठी मंडप क्वचित पडतो, कारण जे अजून विद्यार्थीच झाले नाहीत त्यांच्यातर्फे उपोषणाला कोण बसणार?

तुमच्यासाठी काम

अर्ज भरण्याआधी तीन सवयी लावून घ्या.

शासन निर्णय स्वतः वाचा. व्हॉट्सॲपवर फिरणारा सारांश नको. प्रस्तावना घाईघाईत ओलांडू नका, कारण आधीचे कोणते निर्णय रद्द झाले ते तिथे असतं. नंतर फक्त तीन गोष्टी शोधा: किती जणांना, कोणत्या तारखेपासून, कोणत्या दराने. या तीनपैकी जे लिहिलेलं नसेल, भांडण तिथे होणार हे धरून चाला.

अर्थसंकल्पाचे तीन आकडे वेगळे ओळखा: अर्थसंकल्पीय अंदाज, सुधारित अंदाज आणि प्रत्यक्ष खर्च. मार्चमध्ये भाषणात ऐकू येतो तो पहिला. वर्षाच्या मध्यावर कात्री लागते ती दुसऱ्यात. तुमच्या खात्यावर काय आलं ते तिसऱ्यात. निधी वितरणाची बीम्स ही प्रणाली आहे, विधिमंडळात प्रश्नोत्तरं होतात, माहिती अधिकार आहे. संशोधनपद्धतीच्या पेपरात प्राथमिक साधनं म्हणून जे पाठ केलं ते हेच.

आणि कागद जपा. निवेदनाची पोच, जाहिरातीची प्रत, मंडपात वाटलेलं पत्रक, बैठकीचं इतिवृत्त, सगळ्यांवर तारीख टाकून. या राज्यातल्या विद्यार्थी आंदोलनांचा इतिहास लिहायला बसलं की सरकारचा कागद सापडतो आणि विद्यार्थ्यांचा सापडत नाही. मग इतिहासही सरकारच्या तारखांनी लिहिला जातो: निर्णय अमुक दिवशी झाला. त्याच्या आधी किती दिवस कोण उन्हात बसलं होतं, ते कुठेच नसतं.

पीएच.डी. करायची की नाही, हा निर्णय तुमचा. पण करणार असाल, तर पहिला सराव याच कागदांवर करा. जिथे कपात हा शब्द नाही तिथे ती शोधून, मोजून, तारखेसह दाखवता आली, तर पुढचा प्रबंध फार जड जाणार नाही.